पाण्याच्या मोबदल्यात हवा

सोलापूर जिल्ह्यात शाळूची, म्हणजे रब्बी ज्वारीची, पेरणी होते ती पाऊस परतीला लागल्यावर. सप्टेंबरच्या मध्यापासून महिनाभर काळ्या रानातून तिफणी फिरतात आणि त्यानंतर काढणीपर्यंत कोरडवाहू पिकाला पावसाचा भरवसा नसतो. शाळू उगवतो, पोटऱ्यात येतो, निसवतो, हुरड्याला येतो आणि फेब्रुवारी-मार्चमध्ये काढला जातो, तो मुख्यतः जमिनीत मुरलेल्या ओलीवर. मोहोळच्या संशोधन केंद्रात निवडलेलं ‘मालदांडी ३५-१’ हे वाण इतकी दशकं शेतकऱ्यांनी सोडलेलं नाही, त्यामागे ओलीवर तग धरण्याचा हा गुण मोठा आहे.

ही ओल किती असते? एक मीटर खोलीची भारी काळी जमीन पिकाला घेता येईल असं साधारण १५० ते २०० मिलिमीटर पाणी धरून ठेवते. एकराच्या हिशेबात ते सहा ते आठ लाख लिटर होतं. त्यातलं काही उन्हानं जमिनीच्या पाठीवरूनच उडून जातं, बाकीचं मुळं उपसतात. पण मुळांनी उपसलेल्या या पाण्यातलं ताटांत, पानांत आणि कणसांत किती उरतं ते पाहिलं तर आकडा चकित करतो. कुठल्याही सर्वसाधारण वनस्पतीत मुळांनी घेतलेल्या शंभर लिटरांपैकी सत्त्याण्णवहून अधिक लिटर पानांतून वाफ होऊन निघून जातात. पेशी फुगवून झाड ताठ ठेवायला दोन-तीन लिटर लागतात. प्रकाशसंश्लेषणात ज्या पाण्याचे रेणू खरोखर फुटतात आणि ज्यांतून आपल्याला प्राणवायू मिळतो, ते पाणी एक लिटरही भरत नाही.

पाण्याच्या थेंबाथेंबावर ज्याचं जगणं अवलंबून आहे अशा पिकानं एवढं पाणी हवेत का सोडावं? हा प्रश्न मला वनस्पतिशास्त्रातला सगळ्यात मोठा प्रश्न वाटतो. त्याच्या उत्तरात मुळं का वाढतात, पानं का गळतात, कुठलं झाड कुठे जगतं हे बरंचसं येऊन जातं.

पानांतून जाणारं हे पाणी तराजूवर घेण्याचं काम पहिल्यांदा नीट केलं ते स्टीफन हेल्स यांनी. ते लंडनजवळ थेम्सकाठच्या टेडिंग्टनचे धर्मोपदेशक होते. १७२४ च्या उन्हाळ्यात त्यांनी कुंडीतलं साडेतीन फूट उंचीचं एक सूर्यफूल निवडलं. कुंडीतल्या मातीतून पाणी उडू नये म्हणून तिचं तोंड शिशाच्या पातळ पत्र्यानं झाकून सांधे लिंपून घेतले आणि रोज सकाळ-संध्याकाळ कुंडीचं वजन केलं. दिवसाच्या बारा तासांत झाड सरासरी २० औंस, म्हणजे सुमारे ५७० ग्रॅम पाणी सोडत होतं. कडक कोरड्या दिवशी हा आकडा ३० औंसांपर्यंत जाई. उबदार, कोरड्या रात्री मात्र जेमतेम तीन औंस जात, आणि दव पडलं की तेवढंही जात नसे. माणसाला येणाऱ्या घामाशी ताडून पाहता, आकारमानाच्या प्रमाणात सूर्यफूल १७ पट पाणी सोडतं असा हिशेब त्यांनी १७२७ मध्ये छापलेल्या ‘व्हेजिटेबल स्टॅटिक्स’ या ग्रंथात मांडला. मला या नोंदींत सतरा पटींपेक्षा रात्रीचा आकडा जास्त बोलका वाटतो. पाणी सोडायचं की नाही यावर झाडाचा काही ताबा आहे, याची खूण त्यात आहे.

यानंतर सुमारे दोनशे वर्षांनी, १९१० च्या दशकात, अमेरिकेतल्या कोलोराडोच्या कोरड्या माळावर लायमन ब्रिग्ज आणि होमर शान्ट्झ यांनी हेच मोजमाप पिकांच्या बाबतीत केलं. एक किलो कोरडा पाला-धान्य तयार करायला कुठल्या पिकातून किती किलो पाणी जातं? लसूणघासातून ८०० किलोंहून अधिक, गव्हातून ५०० च्या वर, ज्वारीतून साधारण ३२०. याच दोघांनी आणखी एक गोष्ट दाखवली होती. माती सुकत जाते तशी एक वेळ येते की कोमेजलेलं झाड रात्रभर ओलसर हवेत ठेवलं तरी पुन्हा ताठ होत नाही. हा बिंदू कुठल्या ओलीला येतो, हे झाडाच्या जातीपेक्षा मातीवर ठरतं. वाळूत तो अगदी थोड्या ओलीला येतो. काळ्या मातीत हाताला गारवा लागत असतानाच येतो, कारण चिकणमातीचे सूक्ष्म कण शेवटचं पाणी घट्ट धरून बसतात. ते पाणी ओढायला सुमारे १५ वातावरणांइतका जोर लागतो. म्हणून काळ्या रानात पाण्याचा साठा मोठा, पण त्याचा तळ पिकाच्या हाती लागत नाही.

वरचा साठा तरी हाती कसा लागतो? मुळाच्या वाढत्या टोकाच्या जरा मागे केसासारखे मूलरोम फुटतात. एकेक मूलरोम म्हणजे मुळाच्या सालीतली एकच लांबलेली पेशी. ती मातीच्या कणांमधल्या फटीत शिरते आणि तिथल्या पाण्याला जाऊन भिडते. १९३७ मध्ये एच. जे. डिटमर या अमेरिकी संशोधकानं खोक्यात वाढवलेल्या राय या तृणधान्याच्या चार महिन्यांच्या एका रोपाच्या मुळ्या धुऊन मोजल्या. मूलरोमांची संख्या १४ अब्जांच्या घरात गेली आणि एकापुढे एक ठेवले तर त्यांची लांबी १०,००० किलोमीटरहून जास्त भरली. माती पाणी घेऊन मुळाकडे फारशी चालत येत नाही, मुळालाच पाण्याकडे जावं लागतं. शाळूची मुळं दीड मीटर खोल उतरतात ती याचसाठी. वरचा थर सुकत जातो आणि मुळं ओलीच्या मागोमाग खाली जात राहतात.

मुळात शिरलेलं पाणी पेशींच्या भिंतींमधून झिरपत आत सरकतं, पण गाभ्याच्या तोंडाशी त्याची वाट अडते. तिथल्या पेशींच्या भिंतींत मेणासारख्या जलरोधक द्रव्याची एक पट्टी असते. एकोणिसाव्या शतकातले जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ रॉबर्ट कॅस्परी यांच्या नावानं ती ओळखली जाते. इथून पुढे जायचं तर प्रत्येक थेंबाला जिवंत पेशीच्या पटलातून जावं लागतं, आणि पटल कुठला क्षार आत घ्यायचा, कुठला बाहेर ठेवायचा हे निवडतं. पटलातून पाणी जाण्यासाठी प्रथिनांचे खास मार्ग असतात. त्यांचा शोध पीटर ॲग्रे यांनी माणसाच्या रक्तपेशींत लावला आणि त्यासाठी त्यांना २००३ चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. पुढे असेच मार्ग वनस्पतींतही भरपूर सापडले.

शेतकऱ्याला वाफशाचं महत्त्व पूर्वापार ठाऊक आहे, आणि त्याचं एक कारण या पटलात आहे. पाणी साचलेल्या रानात मुळांना हवा मिळत नाही. हवा नाही म्हणजे मुळांचं श्वसन नाही, आणि श्वसन थांबलं की पेशीतली आम्लता वाढून पाण्याचे हे मार्ग बंद होतात. म्हणूनच अतिवृष्टीनंतर पाण्यात उभं असलेलं पीक माना टाकतं. भोवती पाणीच पाणी असताना ते तहानेनं कोमेजतं. मातीच्या पोकळ्यांत पाणी आणि हवा दोन्ही असतील अशी स्थिती, म्हणजेच वाफसा, मूळ जिवंत ठेवते आणि जिवंत मूळच पाणी आत घेतं.

आता चढणीचा प्रश्न. गाभ्यात काष्ठवाहिन्या असतात. या मेलेल्या पेशींच्या पोकळ नळ्या एकीला एक जोडून मुळापासून पानाच्या शिरेपर्यंत गेलेल्या असतात. ज्वारीत हे अंतर पुरुष-दीड पुरुष भरेल, पण कॅलिफोर्नियातल्या रेडवूड झाडात ते ११५ मीटरच्या घरात जातं. तिथवर पाणी कोण चढवतं? वरून शोषून घेणारा पंप वातावरणाच्या दाबावर चालतो आणि त्या दाबावर पाणी दहा मीटरच्या थोडंच वर चढतं. बारीक नळीत पाणी आपोआप चढतं खरं, पण मिलिमीटरच्या दहाव्या भागाएवढ्या व्यासाच्या नळीत ते तीस सेंटिमीटरपर्यंत जाऊन थांबतं. मुळं खालून ढकलतात का? थोडंसं ढकलतात. पावसाळ्यात पहाटे अळूच्या पानाच्या टोकाशी जे टपोरे थेंब दिसतात ते पुष्कळदा दव नसतं. रात्री पर्णरंध्रं मिटलेली असताना मुळांच्या दाबानं वर आलेलं ते पाणी असतं. पण हा दाब सहसा एक-दोन वातावरणांच्या पुढे जात नाही, आणि भर उन्हात, जेव्हा पाण्याची सर्वांत जास्त गरज असते, तेव्हा तो जवळपास नसतोच.

आचार्य जगदीशचंद्र बोस यांना वाटलं की वाटेतल्या जिवंत पेशीच आकुंचन-प्रसरण पावत पाणी वर ढकलत असाव्यात. अत्यंत नाजूक विद्युत उपकरणं स्वतः घडवून त्यांनी खोडाच्या आतल्या पेशींची स्पंदनं टिपली आणि १९२३ मध्ये रसाच्या चढणीवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. बोसांबद्दल आपल्या मनात जो आदर आहे तो रास्तच आहे, आणि वनस्पतींतल्या विद्युत संदेशांबद्दलची त्यांची दृष्टी काळाच्या पुढची होती. पण पाण्याच्या चढणीबाबतचा त्यांचा सिद्धांत टिकला नाही. जर्मन शास्त्रज्ञ एडुआर्ड स्ट्रासबुर्गर यांनी त्याआधीच, १८९० च्या दशकात, वीस मीटरहून उंच झाड बुंध्याशी कापून विषारी द्रावणात उभं केलं होतं. विष वाटेतल्या जिवंत पेशी मारत शेंड्यापर्यंत गेलं, आणि पेशी मेल्यावरही द्रव चढतच राहिला. पानं मरेपर्यंत तो चढला. म्हणजे ओढ पानांकडून होती.

१८९४ मध्ये डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजातले हेन्री डिक्सन आणि जॉन जोली यांनी या ओढीचा सिद्धांत मांडला. पानातल्या पेशींच्या ओल्या भिंतींवरून पाणी उडतं तेव्हा भिंतीतल्या सूक्ष्म छिद्रांत उरलेल्या पाण्याचा पृष्ठभाग आत वाकतो आणि मागचं पाणी ओढतो. पाण्याचे रेणू एकमेकांना घट्ट धरून असतात, म्हणून ही ओढ शिरेतून देठात, देठातून खोडात, खोडातून मुळात आणि मुळातून मातीत पोचते. सगळी शक्ती उन्हाची असते. या कामात झाडाचा स्वतःचा कणभरही खर्च होत नाही.

नळीतलं पाणी ताणलेलं असतं, हे मान्य करणं त्या काळी अनेकांना जड गेलं. ताण पडल्यावर पाण्याचा स्तंभ तुटणार नाही का? याचं उत्तर देणाऱ्यांत पुन्हा लायमन ब्रिग्ज भेटतात. पिकांचं पाणी मोजणारा हा मृदाशास्त्रज्ञ पुढे अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेचा प्रमुख झाला, आणि निवृत्तीनंतर, वयाच्या पंचाहत्तरीत, त्यांनी काचेच्या बारीक नळीत पाणी भरून ती वेगानं फिरवली. १९५० मध्ये त्यांनी प्रसिद्ध केलेला आकडा असा : पाणी सुमारे २७७ वातावरणांइतका ताण सहन करून मग तुटलं. सर्वांत उंच झाडालाही याचा लहानसा भागच पुरतो.

झाडातला प्रत्यक्ष ताण मोजता आला तो १९६५ मध्ये पेर शोलँडर यांच्या साध्या युक्तीनं. कापलेली डहाळी पोलादी भांड्यात बंद करायची, कापलेलं टोक तेवढं बाहेर ठेवायचं, आणि टोकाशी रस परत दिसेपर्यंत आत हवेचा दाब वाढवायचा. तो दाब म्हणजेच झाडातला ताण. डग्लस फरच्या उंच शेंड्याच्या डहाळ्या मिळवायला त्यांनी रायफलनं त्या पाडल्या. शेंड्याचा ताण खालच्या फांदीपेक्षा जास्त निघाला, म्हणजे डिक्सन आणि जोली यांचं म्हणणं खरं ठरलं. पण मला त्या मोजणीतली जास्त विलक्षण वाटते ती खारफुटी. समुद्राच्या पाण्यातून गोडं पाणी वेगळं करायचं तर सुमारे २५ वातावरणांवर मात करावी लागते. खारफुटीच्या रसात ३५ ते ६० वातावरणांचा ताण आढळला. कोकणच्या आणि गोव्याच्या खाड्यांत चिखलात उभा असलेला कांदळ या ताणानं मुळांच्या पटलांतून पाणी ओढून घेतो आणि मीठ जवळजवळ सगळं बाहेरच ठेवतो. घरातलं आरओ यंत्र विजेच्या पंपानं जे करतं ते कांदळ पानांवरच्या उन्हानं करतो. शेजारचा तिवर काही मीठ आत येऊ देतो आणि पानांतल्या ग्रंथींतून बाहेर टाकतो. कोरड्या दिवशी त्याच्या पानावर जीभ लावली तर खारट लागतं.

पाणी वर कसं येतं ते झालं. आता सुरुवातीचा प्रश्न : ते पानांतून जाऊ का द्यायचं?

कारण झाडाला हवा हवी. शाळूच्या कडब्याचं कोरडं वजन पाहिलं तर त्यातला निम्म्याच्या जवळपास भाग कर्बाचा असतो, आणि तो सगळा हवेतून आलेला असतो. हवेत कर्बवायू असतो फक्त ०.०४ टक्के. तो आत घ्यायचा तर पानाला पर्णरंध्रं उघडावी लागतात आणि आतल्या ओल्या पेशी हवेला उघड्या कराव्या लागतात. पानाच्या आतली हवा वाफेनं भरलेली असते. तीस अंश तापमानाला तिच्यात सुमारे चार टक्के वाफ असते, बाहेर कोरड्या दिवशी एखाद-दीड टक्का. म्हणजे ज्या दारातून कर्बवायूचा एक रेणू आत येतो, त्याच दारातून पाण्याचे काही शे रेणू बाहेर पडतात. कर्बवायू आत येऊ देईल आणि वाफ अडवेल असा पडदा कुठल्याही वनस्पतीला आजवर घडवता आलेला नाही. झाड पाणी देऊन हवा घेतं. या बाहेर जाणाऱ्या पाण्यातून झाडाचं इतरही काही साधतं. त्यानं पान थंड राहतं आणि मातीतले क्षार वर येतात. पण हे त्या व्यवहाराचे उपफायदे आहेत, असं माझं मत आहे. कमी पाणी सोडून तेवढाच कर्बवायू मिळवता आला की वनस्पती तसंच करते, हे पुढच्या उदाहरणांत दिसतं.

दार उघडण्या-मिटण्याचं काम रंध्राच्या दोन बाजूंच्या दोन रक्षक पेशी करतात. सकाळी त्या पोटॅशियम आत घेतात, मागोमाग पाणी येतं, पेशी फुगून धनुष्यासारख्या वाकतात आणि मधली फट उघडते. माती सुकली की ॲब्सिसिक आम्ल नावाचं संप्रेरक तयार होतं, पोटॅशियम बाहेर पडतं, पेशी सैलावतात आणि फट मिटते. पाणी वाचतं, पण त्या वेळेपुरतं अन्न बनवणं जवळजवळ थांबतं. पाण्याचा ताण पडलेलं पीक खुजं का राहतं, ते इथे कळतं.

ज्वारीनं हा व्यवहार जरा वेगळा बसवला आहे. तिच्या पानात कर्बवायू आधी एका चलाख विकराच्या मदतीनं पकडला जातो आणि शिरेभोवतीच्या पेशींत साठवून मग वापरला जातो. त्यामुळे रंध्रं थोडीच उघडली तरी भागतं. गव्हापेक्षा तिचं पाणी कमी जातं ते यामुळे. हा मार्ग १९६६ मध्ये ऑस्ट्रेलियात हॅच आणि स्लॅक यांनी उलगडला, आणि तो उलगडला उसात. आपल्याकडे उसाला पाणीखाऊ म्हणतात, पण किलोमागचा हिशेब केला तर ऊस काटकसरी वर्गातला आहे. फरक आहे तो काळाचा. शाळू हिवाळ्याचे चार महिने उभा राहतो, हवा त्या वेळी थंड असते. ऊस बारा ते अठरा महिने उभा असतो, त्यात एक अख्खा उन्हाळा जातो. मराठवाड्यासारख्या तुटीच्या भागात उसाचा वाद घालताना पानाच्या कार्यक्षमतेचा दाखला देणाऱ्यांनी पिकाचे महिनेही मोजले पाहिजेत.

याहून पुढे गेली ती पानफुटी. ईस्ट इंडिया कंपनीच्या सेवेत दक्षिण भारतात असलेले बेंजामिन हाइन हे वनस्पतिशास्त्रज्ञ या झाडाचं पान चघळून पाहत. सकाळी ते चुक्यासारखं आंबट लागे, दुपारी जवळजवळ बेचव, संध्याकाळी किंचित कडवट. लंडनच्या लिनियन सोसायटीच्या नियतकालिकात त्यांचं हे निरीक्षण १८१५ मध्ये छापलं गेलं. त्याचा अर्थ लागायला पुढे शतकाहून अधिक काळ गेला. पानफुटी, कोरफड, घायपात, निवडुंग ही झाडं रात्री, गार हवेत रंध्रं उघडतात, कर्बवायू आम्लाच्या रूपात साठवतात, आणि दिवसा दारं बंद करून तो वापरतात. एका कर्बवायूच्या रेणूमागे पाण्याचे पन्नासेक रेणू दिले की त्यांचं भागतं. वाढ मात्र हळू होते.

शाळूची कसोटी लागते ती दाणा भरताना. जानेवारीनंतर वरची जमीन भेगाळते, भेगा मुळ्या तोडतात आणि खोलवरची ओल थेट हवेला उघडी पडते. कोळपणीनं या भेगा बुजतात आणि वर भुसभुशीत मातीचं आच्छादन तयार होतं. ओल तरीही संपली, तर रंध्रं मिटतात, कणसाला लागणारं अन्न ताटातून ओढलं जातं, आणि अशा कमजोर ताटात खडखड्या रोगाची बुरशी शिरते. ताट आतून पोकळ होऊन कोसळतं. हुरड्यापर्यंत डौलात उभं असलेलं पीक शेवटच्या काही आठवड्यांत आडवं होताना शेतकऱ्यानं पाहावं, यासारखं दुःख नाही. या सगळ्याचं मूळ शेवटच्या काही मिलिमीटर ओलीत असतं.

आणि शाळूची काढणी होते त्याच सुमाराला सह्याद्रीच्या पूर्व उतारावरची पानझडी झाडं या हिशेबाच्या अगदी उलट वागताना दिसतात. माघ-फाल्गुनात ती पानं टाकतात, ते समजण्यासारखं आहे. दारंच काढून टाकली की पाणी जायचं थांबतं. पण चैत्र-वैशाखात, मृगाचा पाऊस महिना-दीड महिना दूर असताना, हवा वर्षातली सर्वांत कोरडी असताना, कुसुंब लालबुंद पालवी फोडतो आणि पिंपळ नव्या पानांनी भरतो.

याचं पाणी कुठून येतं? पानगळ झाल्यावर ओढ थांबते, मुळं मात्र खोल मातीतून थोडंथोडं पाणी घेत राहतात आणि सुकलेलं खोड पुन्हा भरतं. ते पुरेसं भरलं की कळ्या उमलतात. ज्या झाडांच्या मुळांना खोलवर ओल सापडत नाही ती पावसाची वाट पाहत उघडीच उभी राहतात. पण पाणी आहे म्हणून ते याच वेळी खर्च का करावं? एक कारण उघड आहे. पाऊस येतो तेव्हा पानं तयार असली की त्या मोजक्या चार महिन्यांतला एकही दिवस वाया जात नाही. दुसरं कारण पाण्याच्या हिशेबाबाहेरचं आहे. तमिळनाडूतल्या मुदुमलाईच्या पानझडी जंगलात मुरली आणि सुकुमार यांनी झाडांना पालवी कधी फुटते आणि किडे किती पानं खातात, याची नोंद ठेवली. १९९३ मध्ये त्यांनी मांडलेला निष्कर्ष असा की कोरड्या दिवसांत लवकर पालवणाऱ्या झाडांची पानं पावसात पालवणाऱ्यांपेक्षा कमी खाल्ली जातात. पाऊस पडून किडे वाढतात तोवर ती पानं निबर झालेली असतात.